मडक्याचं पोर

मुंबई-पुण्याच्या दुकानांत हा मासा 'फायटर' म्हणून मिळतो, कुणी 'बेटा' म्हणतं. (आपल्या कानाला बेटा गोड लागतं, पण हिंदीतल्या बेट्याशी त्याचा काही संबंध नाही.) त्याच्या मूळ गावी, थायलंडात, त्याचं नाव 'प्ला कात'. प्ला म्हणजे मासा आणि कात म्हणजे चावणं. चावरा मासा, सरळ हिशेब. पण थाई माणूस एवढ्यावर थांबत नाही. रानातल्या पाणथळीतून पकडलेला असेल तर तो 'लूक पा', रानाचं पोर. भातखाचरातला असेल तर 'लूक थुंग', शेताचं पोर. आणि घरी मडक्यात जन्मलेला, पिढ्यानपिढ्या निवडून काढलेला असेल तर 'लूक मो', म्हणजे मडक्याचं पोर.

या तिसऱ्या पोराने मला गेले काही महिने नादी लावलंय. पस्तीस वर्षं शाळेत इतिहास आणि मराठी शिकवलं. राजे, तह, लढाया, सनावळ्या. हत्ती-घोडे यायचे ते फक्त सैन्याची मोजदाद करताना. एखादा जीव माणसाने हळूहळू कसा घडवला, हा इतिहास आमच्या क्रमिक पुस्तकात कधी नव्हता. सत्तरी ओलांडल्यावर तो एका काचेच्या बरणीपाशी बसून वाचतो आहे.

आता मासा मडक्यात जगतो कसा? मुळात तो उथळ, गढूळ, साचल्या पाण्यातला. भाताच्या खाचरात उन्हाने पाणी तापलं की त्यातला प्राणवायू कमी होतो. या माशाच्या डोक्यात कल्ल्यांच्या वर घड्याघड्यांचं एक जादा इंद्रिय असतं, त्याने तो पृष्ठभागावर येऊन चक्क हवा घेतो. म्हणून मडकं, बरणी, बाटली काहीही चालतं. चालतं म्हणजे मरत नाही, एवढंच. दुकानात पेल्याएवढ्या पाण्यात ओळीने मांडलेले मासे बघून मला काही बरं वाटत नाही.

वीण तर बघण्यासारखी. नर तोंडाने हवेचे बुडबुडे सोडून, त्यांना लाळेचा चिकटपणा देऊन पाण्यावर फेसाचं घरटं बांधतो. मादी आधी वेगळ्या काचेत नुसती दाखवायची, एकदम सोडली तर नर तिला फाडून ठेवतो. तिच्या अंगावर उभे पट्टे उमटले की ती तयार. मग नर तिला अंगाचा वेढा घालतो, पांढरे बारीक कण खाली पडतात, आणि नर ते तोंडात वेचून एकेक करून घरट्यात चिकटवतो. काम झालं की मादीला ताबडतोब बाहेर काढायचं. पुढचं सगळं बाळंतपण बापाचं! दीड-दोन दिवसांत अंडी फुटतात, पिल्लं शेपटी खाली करून फेसाला लोंबतात, आणि निसटलेलं प्रत्येक पोर हा चावरा मासा तोंडात धरून परत जागेवर नेऊन ठेवतो. थाई लोक त्या पाण्यात 'हू क्वांग'चं वाळलेलं पान टाकतात. हू क्वांग म्हणजे हरणाचा कान, पानाच्या आकारावरून. झाड कोणतं म्हणाल, तर कोकण-गोव्यात अंगणोअंगणी असतं ते आपलं देशी बदामाचं. आमच्या शाळेच्या पटांगणातही होतं. त्याची पानं झाडून पेटवण्यात शिपायांची किती वर्षं गेली असतील!

असो. हा मासा पाळला गेला तो मुळात झुंजीसाठी. आपल्याकडे कोंबड्यांच्या झुंजी, एडक्यांच्या टकरी, तशा तिकडे माशांच्या. ह्यू स्मिथ नावाचे अमेरिकन मत्स्यतज्ज्ञ १९२३ पासून बारा वर्षं सयाम सरकारचे मत्स्यव्यवसायाचे सल्लागार होते, त्यांनी हे जवळून पाहिलं. शेतातून आणलेला मासा थोडक्या वेळात माघार घेतो, मडक्यातला तासन्‌तास हटत नाही, असा फरक त्यांनी नोंदवला. पैज जखमांवर नसे, हिमतीवर असे. ज्याने तोंड फिरवलं तो हरला. म्हणजे पिढ्यानपिढ्या निवड कशाची झाली? रंगाची नाही, शेपटीची नाही, माघार न घेण्याची.

बाहेरच्या जगाला तो कळला याची गोष्ट कलकत्त्यातून जाते. थिओडोर कँटर हा डॅनिश डॉक्टर ईस्ट इंडिया कंपनीच्या नोकरीत, पेनांगच्या बाजूला. (कलकत्त्याच्या वनस्पती उद्यानाचे नामांकित नॅथॅनिएल वॉलिच हे त्याचे मामा.) १८४० मध्ये सयामच्या तिसऱ्या राम राजाने आपल्या काही झुंजार माशांची भेट एका गृहस्थांना दिली आणि त्यांच्याकडून ते कँटरकडे आले. १८४९ साली एशियाटिक सोसायटी ऑफ बेंगालच्या नियतकालिकात त्याने त्यांच्याबद्दल लिहिलं. झुंजी लावण्याचा परवाना मक्त्याने दिला जातो आणि त्यातून राजाला वर्षाकाठी चांगलं उत्पन्न मिळतं, हेही त्यात आहे. हरलेला माणूस मालमत्ताच नव्हे तर स्वतःला आणि बायकापोरांनाही पणाला लावी, असंही तो लिहितो. आपल्याला द्यूतपर्व पाठ असल्यामुळे फारसं आश्चर्य वाटत नाही.

कँटरने नाव दिलं 'मॅक्रोपोडस पुग्नॅक्स'. पुग्नॅक्स म्हणजे भांडखोर. पण हे नाव खरं तर त्याने पेनांगच्या ओढ्यांतल्या एका माशाला दिलं होतं, सयामी मासा त्याने त्याचाच प्रकार मानला. पुढे ब्रिटिश म्युझियमच्या टेट रेगन यांच्या लक्षात आलं की हे दोन मासे वेगळे. नियमाप्रमाणे 'पुग्नॅक्स' पेनांगवाल्याकडे राहिलं आणि सयामी माशाला रेगननी 'बेटा स्प्लेन्डेन्स' म्हटलं, म्हणजे झळाळणारा. गंमत अशी की भांडखोर हे नाव ज्याला चिकटलं तो पेनांगचा मासा झुंजीचा नाहीच, घरटंही बांधत नाही. नर अंडी सरळ तोंडात धरून बसतो आणि पिल्लं होईतो उपाशी राहतो. इतिहासात चुकीची बिरुदं माणसांनाही मिळालीच आहेत, त्यात हा एक मासा.

पाश्चात्त्यांकडे गेल्यावर झुंज मागे पडली आणि रंग पुढे आला. १९२७ साली सॅन फ्रान्सिस्कोच्या फ्रँक लॉक यांना सयामहून आलेल्या माशांत फिक्या अंगाचा, लाल परांचा एक दिसला. त्यांना ती नवी जात वाटली, 'कंबोडिया' असं नाव दिलं. जात नव्हती, नुसता रंग होता. पण त्या रंगाने वैज्ञानिकांना कामाला लावलं. १९३४ मध्ये गुडरिच आणि मर्सर यांनी 'सायन्स'मध्ये या माशांच्या रंगांच्या आनुवंशिकतेवर लिहिलं, १९५८ मध्ये वॉलब्रुन यांनी 'जेनेटिक्स'मध्ये. मेंडेलचे वाटाणे मी विज्ञानाच्या सरांच्या वर्गाबाहेरून ऐकत आलो होतो, आता ते पाण्यात पोहताना दिसले.

झालं असं की धाकट्या नातीने विचारलं, "आबा, दोन्ही निळे लावले तर पिल्लं निळीच होणार ना?" तर नाही. गडद निळा नर आणि गडद निळी मादी यांच्या पिल्लांत साधारण निम्मीच निळी निघतात, चौथाई पोलादी करड्या निळ्या आणि चौथाई हिरवट. उलट पोलादी आणि हिरवट यांची जोडी लावली तर सगळीच्या सगळी गडद निळी! तिचा विश्वास बसेना. मी वाल आणि पावटे घेऊन पाटावर मांडून दाखवलं. सूनबाईंना त्या दिवशी वालाचं बिरडं करायचं होतं, तो भाग वेगळा.

रंगानंतर शेपटी. १९८० च्या दशकात फ्रान्समध्ये गी देलावाल यांच्याकडे निवड करता करता शेपटी इतकी पसरली की अर्धवर्तुळ झालं, त्याला 'हाफमून' म्हणतात. १९९० च्या दशकात इंडोनेशियात काटेरी मुकुटासारखी शेपटी आली. २०१६ मध्ये थायलंडच्या झेंड्याचे रंग अंगावर असलेला एक मासा लिलावात ५३,५०० बाहतला गेला. २०१९ च्या फेब्रुवारीत थाई मंत्रिमंडळाने प्ला कातला राष्ट्रीय जलचर ठरवलं. सन्मान मोठा खरा. पण आज काही माशांची शेपटी एवढी जड झाली आहे की त्यांना ती ओढत पोहणं होत नाही, कंटाळून ते स्वतःचेच पर चावतात. ज्याला माघार ठाऊक नव्हती त्याला आपण झालर लावून बसवला, हे मला खटकतं. प्रदर्शनवाल्यांना खटकत नसावं.

२०२२ मध्ये 'सायन्स अ‍ॅडव्हान्सेस'मध्ये एक मोठा अभ्यास आला. पाच जवळच्या जातींच्या ९८ माशांची संपूर्ण जनुकं वाचली. त्यांच्या हिशेबाने हा मासा माणसाळून किमान हजार वर्षं झाली. म्हणजे आपल्याकडे यादवांचं राज्य भरभराटीला यायच्या आधीपासून तिकडे कुणी तरी मडक्यात मासे लावत होतं. त्याच अभ्यासात दुसरंही दिसलं. संकर दोन्ही बाजूंनी झालाय. रानातल्या इतर जातींचं रक्त मडक्यात आलं आहेच, पण मडक्यातलंही रानात गेलं आहे. नको झालेले मासे लोकांनी ओढ्यानाल्यांत सोडले की हे होणारच. आणि रान तरी किती उरलंय? बँकॉकच्या शेजारी समुत साखोनला, मचूळ पाण्यात, निपा नावाच्या माडाच्या कोंभांत एक हिरवा मासा राहतो, त्याला शास्त्रीय नाव मिळालं ते २०१२ साली. तोवर शहर त्याच्या दाराशी आलं होतं. खुद्द स्प्लेन्डेन्सही जगाच्या लाल यादीत 'असुरक्षित' म्हणून नोंदलेला आहे. दुकानांत लाखांनी, आणि त्याच्या खाचरात धोक्यात.

नातीचा निळा नर सध्या एकटा आहे. जोडी लावायचा तिचा हट्ट चालू आहे. एका विणीत शंभर-दोनशे पिल्लं सहज होतात आणि त्यांतले नर दोन-तीन महिन्यांत एकमेकांना फाडू लागतात, म्हणजे प्रत्येकाला वेगळी बरणी. बरण्या कुठे ठेवायच्या ते आधी ठरवा, असं सूनबाईंनी बजावलंय. माळ्यावर थोडी जागा आहे, ओळखीच्या दोघा-चौघांनी एकेक मासा घ्यायचं कबूल केलंय. उरलेले मागच्या ओढ्यात सोडायचे नाहीत, ही अट मी घातली आहे. ती अजून हो म्हणालेली नाही.