व्हर्सायचा राजवाडा : वास्तू, राजसत्ता आणि पाण्याचा प्रश्न

प्रस्तावना

आपल्याकडील इतिहासाच्या अभ्यासात व्हर्सायचा उल्लेख बहुधा दोन वेळा येतो. १७८९ च्या फ्रेंच राज्यक्रांतीची कारणे सांगताना राजघराण्याच्या उधळपट्टीचे उदाहरण म्हणून तो येतो, आणि पहिल्या महायुद्धानंतर १९१९ च्या तहाचे स्थळ म्हणून पुन्हा येतो. या दोन उल्लेखांमध्ये प्रत्यक्ष वास्तू मात्र हरवून जाते. ती कोणी बांधली, कशासाठी बांधली, तिच्या रचनेत राजसत्तेची कोणती कल्पना मूर्त झाली आणि त्या कल्पनेची किंमत कोणी मोजली, या प्रश्नांचा विचार केल्याशिवाय चौदाव्या लुईची राजवटही नीट समजत नाही व तिचा शेवटही उलगडत नाही. प्रस्तुत निबंधात राजवाड्याच्या बांधकामाचा इतिहास पाहताना पाणीपुरवठ्याच्या प्रश्नाकडे विशेष लक्ष दिले आहे. आरसेमहालाच्या झगमगाटात या प्रश्नाची चर्चा फारशी होत नाही. परंतु त्या काळच्या राजसत्तेचे सामर्थ्य आणि तिची मर्यादा या दोन्ही गोष्टी तेथेच सर्वांत स्पष्टपणे दिसतात.

शिकारगृहापासून राजवाड्यापर्यंत

पॅरिसपासून सुमारे वीस किलोमीटरवरील व्हर्साय या खेड्यात तेराव्या लुईने १६२३ मध्ये एक लहानसे शिकारगृह बांधले. १६३१ ते १६३४ या काळात फिलिबेर ल र्‍वा याच्या देखरेखीखाली त्याची विटा व दगड यांत पुनर्बांधणी झाली. फ्रान्सच्या राजाला शोभेल असे त्यात फारसे काही नव्हते. तेराव्या लुईनंतर १६४३ मध्ये गादीवर आलेला चौदावा लुई तेव्हा पाच वर्षांचाही नव्हता.

त्याच्या बालपणीच १६४८ ते १६५३ या काळात ‘फ्राँद’ या नावाने ओळखला जाणारा उठाव झाला. त्यात पॅरिसचे न्यायाधीश होते, बडे सरदार होते आणि सामान्य नागरिकही होते. राजा पळून गेला नाही ना, याची खात्री करून घेण्यासाठी १६५१ च्या फेब्रुवारीत पॅरिसचा जमाव रात्री राजवाड्यात शिरला आणि बारा वर्षांच्या राजाला अंथरुणात निजलेला पाहून परतला. पॅरिसविषयी लुईच्या मनात जो अविश्वास आयुष्यभर राहिला, त्याचे मूळ इतिहासकार या अनुभवात शोधतात. एका रात्रीच्या आठवणीवर एवढ्या मोठ्या निर्णयाचा सारा भार टाकणे योग्य नव्हे. शिकारीची आवड, मोकळ्या जागेची गरज आणि पॅरिसमधील लूव्हर राजवाड्याचे रेंगाळलेले काम हीदेखील कारणे होती. तरीही राजाने राजधानीपासून दूर राहावे, ही कल्पना कोणत्या वातावरणात रुजली हे त्या प्रसंगावरून कळते.

दुसरा निर्णायक प्रसंग १६६१ चा आहे. त्या वर्षी १७ ऑगस्ट रोजी अर्थमंत्री निकोला फूके याने व्हो-ल-व्हिकाँत येथील आपल्या नव्या प्रासादात राजाला मेजवानी दिली. वास्तुविशारद लुई ल व्हो, चित्रकार शार्ल ल ब्रँ आणि उद्यानरचनाकार आंद्रे ल नोत्र या तिघांनी मिळून तेथे जे उभे केले होते, त्याच्या तोडीचे राजाकडेही काही नव्हते. ५ सप्टेंबरला फूकेला अटक झाली. अटकेचा बेत मेजवानीपूर्वीच शिजत होता. त्यामुळे राजाच्या मत्सराची लोकप्रिय कथा जशीच्या तशी स्वीकारता येत नाही. पुढे हेच तिघे कलावंत व्हर्सायच्या कामावर आले, ही गोष्ट मात्र निर्विवाद आहे.

जुना वाडा न पाडण्याचा निर्णय

व्हर्सायच्या वास्तुरचनेतील सर्वांत लक्षणीय वैशिष्ट्य आरसेमहालात नव्हे, तर पूर्वेकडील संगमरवरी चौकात आहे. तेथे आजही तेराव्या लुईच्या वाड्याच्या लाल विटांच्या भिंती दिसतात. १६६८ पासून विस्ताराचे मोठे काम सुरू झाले तेव्हा हा जुना वाडा पाडून टाकावा, असा आग्रह होता. राजाने तो मानला नाही. अखेर ल व्होने जुन्या वाड्याला तीन बाजूंनी नव्या दगडी इमारतीने वेढून टाकले. परिणामी एकाच वास्तूला दोन चेहरे लाभले. शहराकडून येणाऱ्याला लाल वीट आणि काळसर पाटीच्या दगडाचे उतरते छप्पर दिसते. उद्यानाकडून पाहणाऱ्याला इटालियन वळणाचे, सपाट छपराचे, स्तंभ आणि पुतळे यांनी नटलेले फिकट दगडी दर्शन घडते. शुद्ध वास्तुशैलीच्या दृष्टीने ही तडजोड सदोषच म्हटली पाहिजे. वडिलांच्या घराला धक्का न लावता त्याभोवती साम्राज्य उभारण्यात जो अर्थ आहे, तो मात्र कोऱ्या जमिनीवर नवा राजवाडा बांधून साधला नसता.

या साऱ्या खटाटोपाबद्दल मंत्री कोल्बेर आरंभी नाखूश होता. राजाची कीर्ती लूव्हरमध्ये आहे, व्हर्सायमध्ये केवळ त्याची करमणूक आहे, अशा आशयाची तक्रार त्याने राजाकडे केली होती. पण बांधकाम खाते त्याच्याच हाती असल्याने पैसा उभा करण्याचे कामही त्यालाच करावे लागले.

ल व्हो १६७० मध्ये मरण पावला. १६७८ पासून झ्यूल आर्दुएँ-मांसार याच्या काळात राजवाड्याने आजचा आकार घेतला. दक्षिणेकडील व उत्तरेकडील पंख, अश्वशाळा, संत्रागृह आणि ग्राँ त्रियानाँ ही सारी त्याची कामे होत. उद्यानाकडील दर्शनी बाजूची लांबी चारशे मीटरच्या पुढे गेली. ल व्होने उद्यानाच्या बाजूस ठेवलेली मोकळी गच्ची पावसापाण्याला टिकेना; तिच्या जागी मांसारने १६७८ ते १६८४ या काळात आरसेमहाल बांधला. त्याची लांबी ७३ मीटर आहे. एका बाजूला सतरा खिडक्या आणि समोर तितक्याच कमानींत बसवलेले ३५७ आरसे अशी त्याची योजना आहे. मोठे आरसे बनवण्याची विद्या त्या काळी व्हेनिसकडे होती आणि व्हेनिसचे प्रजासत्ताक ती कसोशीने जपत असे. कोल्बेरने तेथील कारागीर फोडून आणले आणि १६६५ मध्ये फ्रान्समध्ये शाही काचकारखाना स्थापन केला. आरसेमहाल हे त्या कारखान्याच्या मालाचे भव्य प्रदर्शनही होते. छतावरील ल ब्रँच्या चित्रांत ग्रीक-रोमन देवतांऐवजी राजाचे स्वतःचेच पराक्रम मध्यभागी आले, ही बाबही तितकीच बोलकी आहे.

दरबार आणि दिनचर्या

६ मे १६८२ रोजी दरबार आणि शासन अधिकृतपणे व्हर्सायला आले. त्या वेळी इमारतीत गवंडी अजून काम करीत होते. राजाचे उठणे, पोशाख करणे, जेवणे आणि निजणे हे सारे विधी ठरले होते. कोणी कोणत्या क्षणी आत यावे आणि कोणी मेणबत्ती धरावी, हेही ठरलेले असे. १७०१ मध्ये राजाचे शयनगृह संगमरवरी चौकासमोर, वास्तूच्या बरोबर मध्यावर आणि उगवतीकडे तोंड करून हलविण्यात आले. स्वतःला सूर्याची उपमा देणाऱ्या राजाच्या दृष्टीने ही मांडणी पूर्णत्वाला गेली, तेव्हा त्याची ऐन उमेदीची वर्षे सरली होती.

नॉर्बर्ट एलियास या समाजशास्त्रज्ञाने दरबारी समाजाच्या आपल्या विवेचनात असे मत मांडले की, मानपानाच्या या जाळ्यात सरदारवर्गाला गुंतवून राजाने त्याचे राजकीय बळ काढून घेतले. ‘सोन्याचा पिंजरा’ ही प्रतिमा पुढे फार रूढ झाली. तथापि विल्यम बाइक, रॉजर मेटॅम, येरून डाउंडाम आदी नंतरच्या अभ्यासकांनी तिला महत्त्वाची मुरड घातली आहे. फ्रान्समधील बहुसंख्य सरदार व्हर्सायला राहतच नव्हते. जे राहत होते त्यांना तेथे पदे, तनखे आणि नातेवाइकांसाठी नेमणुका मिळत. पिंजऱ्यात कोंडल्यापेक्षा वाटणीत सामील करून घेतले, असे म्हणणे पुराव्याला अधिक धरून आहे. आणखी एक गोष्ट पिंजऱ्याच्या प्रतिमेत बसत नाही. राजवाड्याची उद्याने व दर्शनी दालने नीटनेटक्या पोशाखातील कोणत्याही माणसाला खुली असत. पुरुषाकडे तलवार आणि टोपी नसेल तर ती प्रवेशद्वाराशी भाड्याने मिळे.

पाणी

व्हर्सायची जागा राजवाड्यासाठी गैरसोयीची होती. आठवणीकार सँ-सिमाँ याने राजाच्या या निवडीवर जी कठोर टीका केली, तिच्यात पाण्याच्या अभावाचाही समावेश होता. राजवाडा उंचवट्यावर आहे आणि जवळ मोठी नदी नाही. कारंजे उंच उडायचे तर पाण्याचा साठा त्याहून उंचावर हवा. इंजिनाचा शोध लागण्यापूर्वी हा नियम टाळता येण्यासारखा नव्हता. आणि ल नोत्रच्या उद्यानात तर चौदाशेच्या आसपास फवारे उडवायचे होते.

प्रथम जवळच्या क्लान्यी तळ्यातील पाणी घोड्यांच्या रहाटाने आणि पवनचक्क्यांनी उपसले गेले. ते पुरेना. दक्षिणेचा प्रसिद्ध कालवा बांधणाऱ्या रिके याने लुआर नदी व्हर्सायला आणण्याची योजना मांडली. तेव्हा विज्ञान अकादमीतील खगोलशास्त्रज्ञ झाँ पिकार याने दुर्बीण जोडलेल्या उपकरणाने जमिनीची पातळी मोजली आणि लुआर नदीच राजवाड्यापेक्षा खाली आहे, असे दाखवून दिले. राजाची इच्छा आणि भूगोल यांच्या या सामन्यात भूगोलाची बाजू मांडण्याचे धैर्य एका शास्त्रज्ञाला झाले, आणि राजाने ते ऐकलेही.

त्यानंतर सेन नदीवर मार्ली येथे १६८१ ते १६८४ या काळात प्रचंड यंत्र उभारण्यात आले. लिएज प्रांतातील आर्नोल्ड द व्हिल हा त्याचा प्रवर्तक आणि रेनकँ स्यूआलेम हा त्याचा खरा कारागीर. नदीच्या प्रवाहाने फिरणारी चौदा मोठी चाके दोनशेहून अधिक पंप चालवीत आणि टप्प्याटप्प्याने पाणी दीडशे मीटरहून अधिक उंचीवर चढवीत. त्याचा आवाज आसपासच्या वस्तीला असह्य होई. एवढे करूनही सारी कारंजी एकाच वेळी चालू ठेवता येत नसत. राजा फिरायला निघाला की कारंज्यांवरील नोकर शिट्टी वाजवून एकमेकांना इशारा देत; राजा जवळ येताच कारंजे सुरू होई आणि तो पुढे गेला की बंद होई. परदेशी वकिलांना दिसणारे अखंड जलवैभव हे प्रत्यक्षात नोकरांच्या धावपळीवर चाललेले नाटक होते.

अखेरचा प्रयत्न सर्वांत महाग पडला. कोल्बेरच्या मृत्यूनंतर बांधकाम खाते लुव्हवा या युद्धमंत्र्याकडे आले. १६८५ मध्ये त्याने यूर नदीचे पाणी सुमारे ८० किलोमीटर लांबीच्या कालव्याने आणण्याचे काम हाती घेतले. रचना व्होबाँ या दुर्गतज्ज्ञाची होती. मजुरांबरोबर पलटणीही कामाला लावल्या गेल्या आणि माणसांची संख्या तीस हजारांच्या घरात पोहोचली. दलदलीच्या प्रदेशात तापाची साथ पसरली, हजारो माणसे आजारी पडली आणि त्यांतील पुष्कळ मरण पावली. १६८८ मध्ये युद्ध सुरू झाल्यावर सैनिक परत बोलावले गेले. काम थांबले ते कायमचेच. मँतनाँ येथील जलसेतूच्या कमानींची केवळ खालची रांग उभी राहिली. तिचे भग्न अवशेष आजही तेथे आहेत. यूरचा एक थेंबही व्हर्सायला पोहोचला नाही.

राजवाड्याच्या मुख्य बांधकामावरही परिस्थिती फारशी निराळी नव्हती. दाँजो या दरबाऱ्याने १६८५ च्या मे महिन्यात आपल्या रोजनिशीत छत्तीस हजारांहून अधिक माणसे कामावर असल्याची नोंद केली आहे. मादाम द सेव्हीन्ये हिने १६७८ मधील एका पत्रात मृत मजुरांनी भरलेल्या गाड्या रात्रीच्या वेळी नेल्या जात असल्याचा उल्लेख केला होता. शाही बांधकाम खात्याच्या छापील हिशेबवह्यांत जखमी कामगारांना आणि मेलेल्यांच्या विधवांना दिलेल्या लहान रकमा नोंदल्या आहेत. आरसेमहालाच्या छतावरील चित्रांत ज्यांना जागा नाही, अशी ही माणसे. खर्चाचा ताण खुद्द राजालाही चुकला नाही. १६८९ मध्ये युद्धासाठी पैसा हवा म्हणून आरसेमहालातील चांदीचे सारे सामान वितळवले गेले. ते तेथे जेमतेम काही वर्षे मिरवले होते.

उत्तरकाल

चौदावा लुई १ सप्टेंबर १७१५ रोजी व्हर्सायलाच मरण पावला. दरबार १७२२ मध्ये पुन्हा तेथे परतला. पुढील बांधकामे तुलनेने मर्यादित आहेत. १७७० मध्ये युवराज आणि मारी आंत्वानेत यांच्या विवाहासाठी गाब्रिएलने पूर्ण केलेले लाकडी नाट्यगृह त्यांतील उत्तम काम होय. त्यातील संगमरवर बहुतांशी रंगवलेला आहे. पंधराव्या लुईने १७५२ मध्ये राजदूतांचा भव्य जिना पाडून टाकला, ही हानी भरून निघाली नाही.

या काळात व्हर्सायचा संबंध थेट आपल्या प्रदेशाशीही आला. येथील शासनाचा हस्तक म्हणून सेंट ल्यूबिन १७७७ मध्ये पुण्यात आला आणि नाना फडणिसांनी त्याचे स्वागत केल्याने मुंबईकर इंग्रज अस्वस्थ झाले. टिपू सुलतानाच्या वकिलांना सोळाव्या लुईने १० ऑगस्ट १७८८ रोजी याच राजवाड्यात भेट दिली. तेव्हा फ्रान्सची तिजोरी रिकामी होती आणि त्यांच्या पदरी सन्मानापलीकडे फारसे काही पडले नाही.

वर्षभरातच, ५ मे १७८९ रोजी, व्हर्साय शहरात तिन्ही वर्गांची सभा भरली. ५ ऑक्टोबरला पॅरिसच्या स्त्रिया भाकरीसाठी पावसातून चालत तेथे आल्या आणि दुसऱ्या दिवशी राजाला कुटुंबासह घेऊन परतल्या. १६५१ च्या जमावाने राजा जागेवर आहे एवढेच पाहिले होते. या वेळी त्याला सोबत नेले. वीस किलोमीटरचे जे अंतर एका राजाने संरक्षणासाठी निर्माण केले, त्याच अंतरामुळे त्याच्या वंशजाला राजधानीतील भूक वेळेवर कळली नाही. १७९३-९४ मध्ये राजवाड्यातील सामानाचा लिलाव झाला. लिलावाचे वाटे सतरा हजारांहून अधिक होते.

वास्तू वाचली ती लुई-फिलिपमुळे. त्याने १८३७ मध्ये तेथे फ्रान्सच्या सर्व वैभवांना वाहिलेले संग्रहालय उघडले, परंतु त्यासाठी दोन्ही पंखांतील अनेक जुनी निवासस्थाने मोडली. १८ जानेवारी १८७१ रोजी विजयी जर्मनांनी आरसेमहालातच आपल्या साम्राज्याची घोषणा केली, आणि २८ जून १९१९ रोजी त्याच दालनात जर्मनीला तहावर सही करावी लागली. भारताच्या वतीने सही करणाऱ्यांत बिकानेरचे महाराजा गंगासिंह होते. पिएर द नोल्हाक या अभिरक्षकाने १८९२ पासून राजवाड्याचे जुने रूप परत आणण्याचे जे काम आरंभले, ते १९२४ नंतर रॉकफेलर यांच्या देणग्यांमुळे वेगाने पुढे गेले. १९७९ मध्ये युनेस्कोने जागतिक वारशात राजवाड्याचा समावेश केला. आरसेमहालाचे मोठे जीर्णोद्धारकाम २००७ मध्ये पूर्ण झाले आणि क्रांतिकाळात काढून टाकलेले सोनेरी प्रवेशद्वार २००८ मध्ये नव्याने घडवून बसवण्यात आले. त्यावरून फ्रान्समध्ये वाद झाला. नष्ट झालेली गोष्ट पुन्हा घडवावी की तिची रिकामी जागाच इतिहास म्हणून जपावी, हा तो वाद होता, आणि व्हर्सायच्या प्रत्येक नव्या जीर्णोद्धाराच्या वेळी तो पुन्हा उभा राहतो.