काल्फये : वासराच्या नावाची सराई

अ‍ॅमस्टरडॅमच्या झुइडास भागात आज बँकांचे व वकिलांच्या कचेऱ्यांचे उंच मनोरे आहेत. न्यूवर-अ‍ॅमस्टेलचा हा मुलूख 1921 साली शहरास जोडला गेला, तेव्हा येथे बहुतांशी कुरणेच होती. त्यांची आठवण नावांत उरली आहे. दक्षिणेस ब्युटेनवेल्डर्ट वस्ती ओलांडताच काल्फयेसलान हा जुना रस्ता लागतो व पूर्वेस अ‍ॅमस्टेल नदीस मिळतो. 'काल्फये' म्हणजे छोटे वासरू. नदीकाठच्या या नावाच्या सराईत शहरवासी मोकळ्या हवेसाठी येत. तिच्यावरूनच रस्त्याचे नाव पडले. आम्हां पेणकर-रोहेकरांना यात नवल ते काय? गाव सुटले, तरी आडनावातून ते सुटत नाही.

आज त्याच काठावर 'क्लाइन काल्फये' हे उपाहारगृह आहे. 'क्लाइन' म्हणजेही लहानच. एका वासरास दोनदा लहान म्हणण्यात डच मंडळींना वावगे वाटले नाही!

आम्हांस ही जागा जवळची वाटते, ती नदीमुळे. 1614 साली पोर्तुगीज यहुदी बांधवांनी प्रवाहाच्या वरच्या अंगास, औडरकेर्क येथे, बेथ हाईम ही दफनभूमी सुरू केली. शहरातून निघालेल्या त्यांच्या प्रेतनौका याच काठाजवळून जात असत.