कढईतून परत आलेला गोएमोन

तर मंडळी, आजचा सिनेमा आहे 'शिन शिनोबी नो मोनो'. जपानच्या दाइएई स्टुडिओच्या निंजा मालिकेतला तिसरा. पहिला आला डिसेंबर १९६२ मध्ये, दुसरा पुढच्या ऑगस्टमध्ये आणि हा १९६३ च्या डिसेंबरअखेरीस. तेरा महिन्यांत तीन! घाण्यातून वडे काढावेत तसे.

अडचण एकच होती. हिरो मेलेला होता.

इशिकावा गोएमोन हा खरा माणूस. १५९४ मध्ये क्योटोत नदीकाठी, सान्जोला, हिदेयोशीच्या राजवटीनं त्याला उकळत्या कढईत घालून मारलं. सोबत त्याचा मुलगाही होता असं सांगतात. दुसरा भाग त्याला या शिक्षेच्या दारात नेऊन सोडतो. तिसऱ्यात काय, तर कढईत भलताच माणूस जातो आणि आपला गोएमोन सुटतो. आपल्या मालिकांत दरीत पडलेला नवरा परत येतो ना, तस्सं.

पण हे मला तेवढं खटकत नाही. गोएमोन काबुकी नाटकांत आधीच अमर झाला होता, सिनेमानं फक्त तिकीट लावलं. आणि इचिकावा राइझो हा नट स्वतः काबुकीतूनच आलेला. चेहऱ्यावर फारसं काही न दाखवता तो सूड दाखवतो. तेवढ्यासाठी बघाच.

खटकतं ते वेगळं. पहिला भाग ज्या मुरायामा तोमोयोशींच्या कादंबरीवर आहे, ती कम्युनिस्ट पक्षाच्या 'आकाहाता' या पेपरात क्रमशः छापून येत होती. दिग्दर्शक यामामोतो सात्सुओही डावेच. त्यामुळे तिथला निंजा म्हणजे जादूगार नाही, राबणारा माणूस. त्याचा म्होरक्या मोमोची सान्दायू वेष बदलून दोन टोळ्या चालवतो, दोघांना एकमेकांविरुद्ध झुंजवतो. मालक कसा असतो हे यापेक्षा नेमकं काय दाखवणार?

तिसऱ्या भागाला दिग्दर्शक नवा, मोरी काझुओ. आता गोएमोन हिदेयोशीच्या घरातल्या वारसाच्या भांडणाला वारा घालतो. कथेला मजा येते, मान्य. पण इतिहास बघा. १५९३ मध्ये हिदेयोशीला मुलगा झाला, आणि १५९५ मध्ये त्यानं आपल्याच भाच्याला, हिदेत्सुगुला, पोट चिरून मरायला लावलं. मग त्याच्या घरातल्या तीसहून जास्त बायका-मुलांना त्याच सान्जोच्या काठावर मारलं. हे करायला कुणी निंजा कान भरायला लागला नव्हता. सत्ता आणि म्हातारपणीचा संशय पुरेसा होता. पडद्यावर कारस्थान गोएमोनचं झालं की हिदेयोशीचं पाप आपोआप हलकं होतं. गरिबाची बाजू घेऊन सुरू झालेल्या मालिकेनं हे करावं?

शिवाय सूड घेणार कसा? हिदेयोशी १५९८ मध्ये आजारानं गेला, ते पटकथेला बदलता येत नाही.

तरी दहापैकी सहा देतो, त्यातले दोन राइझोचे. पुढच्या भागापासून गोएमोनला सुट्टी, नायक किरिगाकुरे साइझो. त्याच्यावर पुढच्या वेळी बोलू.