बाळाच्या नावाचा माग

अमेरिकेत मूल जन्मले की जन्मदाखल्याचा अर्ज बहुधा रुग्णालयातून घरी जाण्याआधीच भरून द्यावा लागतो. आपल्याकडे बारसे बाराव्या दिवशी. तोवर आजी, आत्या, मावशी नावे सुचवत राहतात, पंचांग उघडलेले असते, नको ती नावे गळून पडतात. न्यू जर्सीतल्या किंवा बे एरियातल्या आईबापांना तेवढी उसंत मिळत नाही. फोनवर नावांची यादी उघडली जाते. नावापुढे मूळ म्हणून ‘संस्कृत’ आणि दोन शब्दांत अर्थ लिहिलेला असतो, आणि तोच बारशाच्या आमंत्रणावर छापला जातो. पुढे शाळेत कोणी विचारले की मूलही तेच सांगते. ते सांगणे खरे असावे, यासाठी हा सगळा अभ्यास.

या विषयाला नामविद्या म्हणतात. तिला वाहिलेली अमेरिकन नेम सोसायटी 1951 साली स्थापन झाली आणि तिचे नियतकालिक आजही निघते. तरी हा प्रांत केवळ पंडितांचा नाही. कोश उघडण्याची सवय आणि थोडा धीर असेल, तर कोणीही यात उपयोगी काम करू शकते.

सुरुवातीलाच एक भेद मनाशी पक्का करावा. शब्दाचा अर्थ वेगळा आणि नावाचा इतिहास वेगळा. ‘माया’ म्हटले की संस्कृत कोश एक सांगेल, आपली आजी दुसरेच सांगेल. पण कवयित्री माया अँजेलो यांचे जन्मनाव मार्गरीट. ‘माया’ हे त्यांच्या भावाने लहानपणी मारलेल्या हाकेतून आले. तिथे वेदान्त लावणे व्यर्थ. म्हणून पहिला प्रश्न ‘अर्थ काय’ हा नसून ‘हे नाव कोणी, कुठून, केव्हा घेतले’ हा असतो.

आता ‘रेयांश’ घ्या. सूर्याचा किरण, विष्णूचा अंश असे त्याचे अर्थ सर्रास दिलेले आढळतात. तपासण्याची रीत सोपी आहे. शेवटचा ‘अंश’ वेगळा काढायचा आणि उरलेल्याचा अर्थ लागतो का ते पाहायचे. देवांशातून देव उरतो, शिवांशातून शिव. रेयांशातून उरतो ‘रेय’. विष्णुसहस्रनामातली सगळी नावे चाळली तरी ‘रेय’ सापडत नाही, आणि किरणाला संस्कृतात रश्मी, अंशू, मयूख असे कितीतरी शब्द असताना त्यांत हा नाही. इंग्रजी ‘रे’ला ‘अंश’ जोडला गेला असावा, असे माझे मत. त्यामागची गरज मात्र खरी आहे. जन्मनक्षत्राच्या चरणावरून नावाचे पहिले अक्षर सांगणाऱ्या अवकहडा चक्रात स्वाती नक्षत्राच्या दुसऱ्या चरणाला ‘रे’ हे अक्षर येते, आणि ‘रे’वरून मुलींना रेवती, रेणुका, रेवा मिळतात, मुलांना फारसे काही मिळत नाही. पण एक नाव आहे: रेवंत. पुराणांत तो सूर्याचा पुत्र आहे. सूर्याशी नाते आणि ‘रे’ हे अक्षर, दोन्ही हवे असणाऱ्या घराला हे जुने नाव कोणी सुचवले नाही, याची मला खरोखर हळहळ वाटते.

चूक नेहमी खोट्या अर्थाचीच असते असे नाही. अर्धा अर्थ देणे हीही चूकच. ‘इरा’ अस्सल संस्कृत आहे. याद्यांत पृथ्वी आणि वाणी हे अर्थ येतात, ते बरोबरच आहेत. अमरकोश आणखी दोन देतो: पाणी आणि सुरा. सुरा गाळली जाते. नाव ठेवू नये असे मी म्हणत नाही; सुंदर नाव आहे, ठेवावे, पण चारही अर्थ माहीत असून ठेवावे. शिवाय अमेरिकेत हेच अक्षरलेखन बायबलमधल्या एका हिब्रू पुरुषनामाचे आहे. गीतकार आयरा गर्श्विन त्याच नावाचे. उच्चार वेगळा, मूळ वेगळे, रोमन अक्षरे मात्र तीच. ‘कियारा’च्या बाबतीत तर गोंधळ आणखी खोल आहे: इटालियन ‘कियारा’ म्हणजे उजळ, आणि तिच्याशी जुळणाऱ्या आयरिश नावाच्या मुळाशी आहे काळा रंग.

‘मायरा’लाही कोणी संस्कृत म्हणते. युरोपात हे नाव इंग्रज कवी फल्क ग्रेव्हिल याने आपल्या कवितांसाठी रचले, असे मानतात. त्या कविता 1633 मध्ये, त्याच्या मृत्यूनंतर, छापल्या गेल्या. व्हनेसा हे नाव जोनाथन स्विफ्टने घडवले. रचलेले नाव हलके नसते. त्याला खोटी वंशावळ चिकटवली की मगच तपासणाऱ्याचे काम सुरू होते.

अमेरिकेच्या सोशल सिक्युरिटी प्रशासनाची नावांची यादी या अभ्यासाचे मोठे साधन आहे. तिच्यात 1880 पासूनची जन्मवर्षे आहेत. ती सोशल सिक्युरिटी कार्डाच्या अर्जांवरून बनते आणि एखाद्या वर्षी पाचांहून कमी बाळांना दिलेले नाव तिच्या राष्ट्रीय यादीत येत नाही. ही यादी अर्थ सांगत नाही, मूळही नाही. फक्त अक्षरलेखन मोजते. ‘आर्या’चेच पाहा. मोरोपंतांची आर्या ज्यांच्या कानात आहे त्यांनी ठेवलेले नाव आणि 2011 साली सुरू झालेल्या ‘गेम ऑफ थ्रोन्स’ मालिकेतल्या आर्या स्टार्कवरून ठेवलेले नाव तिथे एकाच आकड्यात मिसळतात. त्या आकड्यावरून मराठी नाव अमेरिकेत रुजले असा निष्कर्ष काढू नये.

कोश आज घरबसल्या मिळतात. वामन शिवराम आपट्यांचा संस्कृत कोश आणि मोल्सवर्थचा 1857 चा मराठी कोश शिकागो विद्यापीठाने सर्वांसाठी खुले ठेवले आहेत. मोनियर विल्यम्सचा कोलोन विद्यापीठाकडे आहे. पुराणातल्या व्यक्तींसाठी सिद्धेश्वरशास्त्री चित्राव यांचा ‘प्राचीन चरित्रकोश’ हाताशी असावा. मराठी नावासाठी संस्कृत कोशावर थांबू नये. ‘सई’ तिथे मिळणार नाही. ती ‘सखी’वरून प्राकृताच्या वाटेने आलेली मैत्रीण आहे, आणि शिवाजी महाराजांच्या राणीचे नाव म्हणून इतिहासात नोंदलेली आहे. रोमन लिपीत ती ‘साई’ होऊन बसते, म्हणून तपासायला घेतलेले प्रत्येक नाव आधी देवनागरीत ऱ्हस्वदीर्घासह लिहून घ्यावे.

कोश सांगू शकणार नाही असा एक भाग वाचकांच्याच हाती आहे. आपल्या मुलाचे नाव कोणी सुचवले, कोणाच्या आठवणीने ठेवले, राशीचे अक्षर कोणते निघाले होते आणि अर्थ कुठून घेतला, हे चार ओळींत तारखेसह देवनागरीत लिहा आणि जन्मदाखल्याच्या प्रतीसोबत ठेवा. सुचवणारी आजी अजून फोनवर भेटते आहे, तोवर तिला विचारून घ्या.