स्वनिमांची जाणीव : वयाची की लिपीची?

शब्दातील सुटे स्वनिम बालकास वयाने उमगतात की वाचनाने, हा प्रश्न १९७० नंतर ऐरणीवर आला. १९७४ मध्ये इझाबेल लिबरमन व सहकाऱ्यांनी अमेरिकन मुलांना शब्दाचे घटक टकटक करून मोजावयास सांगितले. चार वर्षांच्या ४६ टक्के मुलांना अक्षरे मोजता आली. स्वनिम एकालाही नाहीत. पहिलीतील ७० टक्के मुलांना मात्र स्वनिमही मोजता आले. परंतु ही प्रगती वयाची की वाचनाची, हे यावरून ठरत नव्हते.

१९७९ मध्ये मोराइस प्रभृतींनी पोर्तुगालमधील निरक्षर प्रौढांची चाचणी घेतली. शब्दारंभीचा एक स्वन गाळणे वा जोडणे त्यांना बहुतांशी जमले नाही. प्रौढपणी साक्षर झालेल्यांना जमले. आयुष्यभर अस्खलित बोलणाऱ्यांना ते जमू नये, हे विलक्षणच होय. १९८६ मध्ये चार्ल्स रीड व सहकाऱ्यांना चीनमध्ये केवळ पारंपरिक चिन्हलिपी वाचणाऱ्यांतही हीच उणीव आढळली. रोमन वर्णांची पिनयिन शिकलेल्यांत ती नव्हती. म्हणजे निव्वळ साक्षरता पुरेशी नव्हती. लिपी वर्णमूलक असणे निर्णायक होते.

देवनागरीच्या ‘क’मध्ये ‘अ’ अंतर्भूत असतो. ‘कमळ’मधील पहिला ध्वनी विचारल्यास मराठी मुलाने ‘क’ म्हणणे त्याच्या लिपीनुसार योग्यच ठरते. इंग्रजीच्या धर्तीवरील चाचणीत मात्र तेच उत्तर चूक धरले जाऊ शकते.