शब्द आणि सत्ता : ख्रिस्तांच्या स्वरूपाविषयीचे प्रारंभीचे वाद

मुस्लिम विद्वान शहरिस्तानी (मृत्यू इ. स. ११५३) यांनी 'किताबुल मिलल वन्निहल' या ग्रंथात ख्रिस्ती धर्मीयांचे तीन मोठे पंथ सांगितले आहेत : मलकानिया, नस्तूरिया आणि याकूबिया. नस्तूरिया व याकूबिया ही नावे धर्मगुरूंवरून पडली. 'मलकानी' या नावाचे मूळ मात्र सिरियाक भाषेतील 'मल्का', म्हणजे राजा, या शब्दात आहे. बादशहाने मान्य केलेले मत मानणारे ते मलकानी. ही तिन्ही नावे एका जुन्या वादाची खूण आहेत. येशू ख्रिस्तांचे ईश्वराशी नाते कोणते, आणि त्यांच्या ठायी देवत्व व मनुष्यत्व एकत्र कसे नांदते, हा तो वाद होय. त्यात मतभेद खरे होते, पण शब्दांचा घोटाळाही मोठा होता, आणि या दोहोंना कायमच्या फुटीचे रूप राजसत्तेने दिले.

वादाचा आरंभ इजिप्तमधील अलेक्झांड्रिया येथे इ. स. ३१८ च्या सुमारास झाला. एरियस नावाचा पाद्री असे शिकवीत असे की, पुत्र हा पित्याने निर्माण केलेला आहे, म्हणून तो पित्याप्रमाणे अनादी नव्हे. तेथील बिशप अलेक्झांडर याने त्यास विरोध केला. इ. स. ३२४ मध्ये संपूर्ण रोमन साम्राज्याचा स्वामी झालेल्या सम्राट कॉन्स्टंटाइनला धर्मातील फूट परवडणारी नव्हती. त्याने ३२५ मध्ये नायसिया (तुर्कस्तानातील आजचे इझनिक) येथे बिशपांची परिषद बोलावली. पुत्र हा पित्याशी 'होमोऊसिओस', म्हणजे एकाच सत्त्वाचा आहे, असे परिषदेने ठरविले. एरियस आणि त्याच्या बाजूने उभे राहिलेले दोन बिशप यांना हद्दपार करण्यात आले.

तथापि, निर्णय झाला म्हणून वाद मिटला नाही. 'होमोऊसिओस' हा शब्द बायबलमध्ये नाही, हा अनेकांचा आक्षेप होता. त्यातच सम्राटाचे मत बदलले की बिशपांचे भाग्यही बदलत असे. नायसियाचा कट्टर समर्थक अथानेसियस हा ३२८ मध्ये अलेक्झांड्रियाचा बिशप झाला. चार सम्राटांच्या काळात त्याला पाच वेळा आपले पीठ सोडावे लागले आणि सुमारे १७ वर्षे परागंदा राहावे लागले. खुद्द कॉन्स्टंटाइनला ३३७ मध्ये मृत्युशय्येवर बाप्तिस्मा दिला तो एरियसचा पाठीराखा असलेल्या युसेबियस या बिशपाने.

या गदारोळात एक गोष्ट विशेष लक्षात घेण्याजोगी आहे. ग्रीक भाषेतील 'ऊसिया' आणि 'हिपोस्टॅसिस' हे शब्द नायसियाच्या काळी जवळजवळ समानार्थी वापरले जात. त्यामुळे एकाने 'तीन हिपोस्टॅसिस' म्हटले की दुसऱ्याला ते तीन ईश्वर वाटत. ३६२ मध्ये अलेक्झांड्रियात भरलेल्या छोट्या सभेत अथानेसियसने दोन्ही बाजूंना त्यांच्या शब्दांचा अर्थ विचारला आणि शब्द वेगळे असले तरी आशय एकच असल्याचे मान्य केले. पुढे बेसिल आणि त्याच्या सहकाऱ्यांनी 'ऊसिया' म्हणजे सत्त्व व 'हिपोस्टॅसिस' म्हणजे व्यक्तित्व असा भेद रूढ केला. ३८१ च्या कॉन्स्टँटिनोपल परिषदेत हा टप्पा संपला.

लगेच दुसरा प्रश्न पुढे आला. ख्रिस्त पूर्ण ईश्वर आणि पूर्ण मनुष्य असतील, तर या दोहोंचा संबंध काय? ४२८ मध्ये कॉन्स्टँटिनोपलचा धर्मप्रमुख झालेल्या नेस्टोरियसने मरियमला 'ईश्वरमाता' म्हणण्यास हरकत घेतली. 'ख्रिस्तमाता' म्हणावे, असे त्याचे मत होते. अलेक्झांड्रियाचा किरिल याच्या दृष्टीने त्यामुळे एका ख्रिस्ताचे दोन होत होते. ४३१ च्या एफिसस परिषदेत अँटिऑकचे बिशप पोहोचण्यापूर्वीच किरिलने नेस्टोरियसला पदच्युत करविले. उशिरा आलेल्यांनी वेगळी सभा भरवून किरिललाच पदच्युत केले. सम्राट दुसऱ्या थिओडोसियसने आधी दोन्ही निर्णय मान्य केले. पुढे किरिल आपल्या पीठावर परतला. नेस्टोरियसचा शेवट इजिप्तमधील हद्दपारीत झाला.

४५१ मध्ये सम्राट मार्सियनने बोलावलेल्या कॅल्सेडन परिषदेने 'एक व्यक्ती, दोन स्वभाव' हे सूत्र दिले. किरिलचे 'एक स्वभाव' हे शब्द प्रमाण मानणाऱ्या इजिप्त व सिरियातील अनेकांना ते मान्य झाले नाही. त्यांच्या लेखी 'स्वभाव' म्हणजे मूर्त, सगळी व्यक्ती. कॅल्सेडनच्या लेखी तो गुणधर्मांचा समुच्चय. सहाव्या शतकात याकूब बुर्दानाने या विरोधकांचे स्वतंत्र चर्च संघटित केले. पूर्वेकडे, इराणी साम्राज्यातील चर्चने नेस्टोरियसच्या परंपरेतील आचार्यांना मानले. ४८९ मध्ये सम्राट झेनोने एडेसाचे विद्यापीठ बंद केल्यावर तेथील अध्यापकांना इराणी हद्दीतील निसिबिस येथे आश्रय मिळाला.

सातव्या शतकात सिरिया, इजिप्त आणि इराण मुस्लिम सत्तेखाली आले. आता कॉन्स्टँटिनोपलच्या सम्राटाला तेथे आपले सूत्र लादता येईना, आणि तिन्ही पंथ शेजारी शेजारी राहू लागले. नस्तूरी धर्मप्रमुख तिमोथी याने खलिफा महदीशी ख्रिस्तांच्या स्वरूपावर संवाद केला. ग्रीक वैद्यक अरबीत आणणारा हुनैन इब्न इसहाक (मृत्यू ८७३) याच पंथाचा होता. अरबी व उर्दूतील 'उक्नूम' हा शब्दही सिरियाक 'क्नोमा'पासून आला आहे.

या वादाचे पडसाद भारतातही उमटले. केरळमधील ख्रिस्ती समाजाचा संबंध इराणच्या चर्चशी होता. १५९९ मध्ये गोव्याचा आर्चबिशप आलेशो द मेनेझिस याने उदयंपेरूर येथे धर्मसभा भरवून नेस्टोरियसचा निषेध करविला आणि अनेक सिरियाक ग्रंथ सुधारण्याचे किंवा नष्ट करण्याचे आदेश दिले. एफिससनंतर ११६८ वर्षांनी, त्या वादाशी प्रत्यक्ष संबंध नसलेल्या समाजाचे ग्रंथभांडार त्यापायी गेले.

११ नोव्हेंबर १९९४ रोजी पोप दुसरे जॉन पॉल आणि पूर्वेच्या असिरियन चर्चचे प्रमुख मार दिन्खा चौथे यांनी संयुक्त निवेदनावर स्वाक्षऱ्या केल्या. 'ईश्वरमाता' व 'ख्रिस्तमाता' ही दोन्ही संबोधने एकाच श्रद्धेची असल्याचे त्यात मान्य झाले. इजिप्तच्या कॉप्टिक चर्चशी असेच निवेदन १९७३ मध्ये झाले होते. अथानेसियसने ३६२ मध्ये केले तेच येथे घडले : प्रतिपक्षाला त्याच्या शब्दांचा अर्थ विचारण्यात आला. मध्यंतरी परिषदांनी व सम्राटांनी तो प्रश्न विचारण्याआधीच निकाल दिले होते.