बुडत्यांना हात देणारा शत्रू
जर्मन पाणबुडी ‘यू-१५६’चा कमांडर वेर्नर हार्टेनस्टाइन याने १२ सप्टेंबर १९४२ रोजी पश्चिम आफ्रिकेजवळ ‘लॅकोनिया’ हे ब्रिटिश जहाज बुडविले. अंधारातून इटालियन आक्रोश उठला, तेव्हा त्यास उमगले की, जहाजात जर्मनीच्याच दोस्तराष्ट्राचे सुमारे १,८०० युद्धकैदी होते. प्रथम त्यांच्यासाठीच तो थांबला असेल. परंतु ब्रिटिश स्त्रिया-मुलांनाही त्याने पाणबुडीवर घेतले, ही निव्वळ करुणाच म्हणावी लागेल. हल्ला न केल्यास मदतीस येणारे जहाज सुरक्षित राहील, असे त्याने उघड इंग्रजीत कळविले. १६ तारखेस रेडक्रॉसचे निशाण पसरलेले असतानाही अमेरिकी विमानाने बॉम्ब टाकले. ओढून नेत असलेल्या नावांचे दोर तोडणे त्यास भाग पडले. पाठोपाठ पाणबुडीदलप्रमुख डोनिट्झने अशा बचावकार्यास मनाईच केली. ८ मार्च १९४३ रोजी बार्बाडोसच्या पूर्वेस अमेरिकी विमानाच्या हल्ल्यात हार्टेनस्टाइन सर्व सहकाऱ्यांसह बुडाला.